जपानी कथांमध्ये भुतं शाळेतच का दिसतात, आणि त्यांना पळवणारा मांत्रिक कुठून येतो?

दुसऱ्या भागाचं उत्तर आधी देतो. शाळेच्या मूळ दंतकथांमध्ये मांत्रिक बहुधा नसतोच. तो नंतर लेखकांनी आणला.

हानाको-सान ही संडासातली भूत-मुलगी घ्या. शाळेचा तिसरा मजला, मुलींच्या स्वच्छतागृहातला तिसरा दरवाजा. तीनदा टकटक करून 'हानाको-सान, आहेस का?' विचारायचं, की आतून बारीक 'हो' येतो. दुसरी गोष्ट लाल-निळ्या कागदाची. संडासात बसलेल्या पोराला आवाज विचारतो, कुठला देऊ? लाल म्हटलं तर रक्तबंबाळ, निळा म्हटलं तर अंगातलं रक्त शोषलं जाऊन निळंशार. १९७९ साली कुचिसाके-ओन्ना, म्हणजे तोंड फाटलेली बाई, हिची अफवा देशभर पसरली आणि काही ठिकाणी मुलांना घोळक्याने घरी सोडायची वेळ आली. मास्क लावलेली ही बाई विचारते, 'मी सुंदर आहे का?' तिच्यावर उतारा काय, तर 'पोमेड' हा शब्द तीनदा म्हणायचा (हो, केसांना चोपडायचं तेच), नाहीतर 'बरी आहेस' असं गुळमुळीत उत्तर देऊन ती गोंधळली की पळ काढायचा.

आपल्याकडे कुणाला काही 'लागलं' की घरची मंडळी देवऋषाकडे नेतात, म्हणजे मोठी माणसं लगेच गोष्टीत शिरतात. या जपानी गोष्टींत पोरगं एकटं असतं. वाचवायला असतो फक्त मधल्या सुट्टीत ऐकलेला एक नियम. शाळा या कथांना इतकी मानवते ती त्यामुळेच. रोज शेकडो मुलं एकत्र, आणि संडासासारख्या जागी नेमकं एकट्याने जावं लागतं. त्सुनेमित्सु तोरु हे शिक्षक होते. त्यांनी विद्यार्थ्यांकडून अशा गोष्टी गोळा केल्या आणि १९९० पासून त्या पुस्तकरूपात आल्या. मग चित्रपटही आले.

पण नियमावर गोष्ट दोन पानं चालते. साप्ताहिकातल्या मालिकेला दर आठवड्याला परत येणारा कुणीतरी लागतो. १९९३ च्या 'जिगोकु सेन्सेई नूबे' या मांगात (जपानी चित्रकथेत) तो चक्क पाचवीचा वर्गशिक्षक आहे, डाव्या हातात राक्षस कोंडलेला, वर काळा हातमोजा. मला ही निवड फार हुशारीची वाटते. दंतकथेत जो मोठा माणूस कधी मदतीला येतच नाही, तोच इथे हजेरी घेतो.

२०१८ च्या 'जुजुत्सु कायसेन' या मांगात मुलंच शिकाऊ मांत्रिक झाली. तिथे शाप, म्हणजे तिथली भुतं, माणसांच्या भीती-द्वेषातून जन्मतात, म्हणून शाळा आणि इस्पितळं त्यांनी भरलेली. कुचिसाके-ओन्ना तिथेही आहे, एका मांत्रिकाच्या हाताखाली. मात्र जुना नियम शाबूत ठेवलाय : तिच्या प्रश्नाचं उत्तर मिळेपर्यंत कुणाला कुणावर वार करता येत नाही.

मारामारी बघायला मजा येते, पण भीती मला मांत्रिक नसलेल्या गोष्टींचीच वाटते. पोमेड काही ठिकाणी तीनदा म्हणतात, काही ठिकाणी सहादा. ती समोर उभी असताना खरं कुठलं, हे विचारायचं कुणाला?