भयपटाचा आवाज : वाचकांचे प्रश्न

प्रश्न : कीबोर्ड आणि लॅपटॉपवर स्वतःचं संगीत करतो. भयपटांचं पार्श्वसंगीत आणि साउंड डिझाइन (दृश्यातले आवाज घडवणं) ही दोन्ही कामं एकट्याने करता येतात का, की आधी एकच धरावं? (सांगली)

उत्तर : करता येतात. भयपट-विज्ञानपटांत ही कामं एकमेकांना लागूनच असतात. अमेरिकेतले अ‍ॅलन हॉवर्थ ‘वेदर रिपोर्ट’ या जॅझ बँडचे सिंथेसायझर सांभाळायचे. पुढे १९७९च्या ‘स्टार ट्रेक’ चित्रपटासाठी त्यांनी ध्वनिपरिणाम केले आणि १९८१मध्ये जॉन कार्पेंटर यांच्याबरोबर ‘एस्केप फ्रॉम न्यू यॉर्क’चं संगीत. आपल्याकडे मोठ्या निर्मितीत मात्र कामं वाटलेली असतात. ‘तुंबाड’मध्ये (२०१८) गाणं अजय-अतुलचं, तर पार्श्वसंगीत व्हिडिओ गेम्सच्या संगीतासाठी नावाजलेल्या जेस्पर किड यांचं. एकट्याच्या पदरात दोन्ही पडतात ती लघुपटांत आणि हात आखडून केलेल्या फिल्ममध्ये. सुरुवात तिथूनच करा.

एकट्याने करताना ठरलेली चूक म्हणजे संगीतातला ड्रोन (एकसारखा लांबत राहणारा सूर) आणि दृश्यातली घरघर दोन्ही खर्जाच्या ४० ते १०० हर्ट्झमध्ये कोंबणं. सुटं ऐकलं तर दोन्ही भारी वाटतात. एकत्र लावलं की चिखल. म्हणून एडिट लॉक झाल्यावर, म्हणजे संकलन पक्कं झाल्यावर, दिग्दर्शकाबरोबर बसून टाइमकोडचा (तास:मिनिट:सेकंद) तक्ता करा आणि त्यात एक रकाना ठेवा : ‘इथे गप्प कोण?’ समजा ००:१४:०८ला दार उघडतंय. बिजागरी ऐकू यायला हवी असेल तर संगीत दोन सेकंद आधीच थांबवा. त्या दोन सेकंदांतच प्रेक्षक खुर्चीत सावरून बसतो. आणि ड्रोन संगीताच्या स्टेममध्ये (मिक्सिंगला वेगळा दिला जाणारा ट्रॅक) जाणार की इफेक्ट्सच्या, हे पहिल्याच दिवशी ठरवा. मिक्सिंगच्या टेबलावर त्यावर वाद घालायला कुणाला वेळ नसतो.

प्रश्न : म्हशीचा हंबरडा दोन सप्तकं खाली ओढून राक्षसाचा आवाज केला. तो कापूस कोंबल्यासारखा बोदा का लागतो? (नगर)

उत्तर : गणित साधं आहे. ४८ किलोहर्ट्झवर (सेकंदाला ४८ हजार नमुने घेऊन) केलेल्या रेकॉर्डिंगमध्ये जास्तीत जास्त २४ किलोहर्ट्झपर्यंतचा आवाज मावतो. वेग कमी करून एक सप्तक खाली नेलं की वरची हद्द १२वर येते, दोन सप्तकं नेलं की ६वर. वरची सगळी धार गेली. ९६ किंवा १९२वर रेकॉर्ड करा. पण साधा माइक २० किलोहर्ट्झच्या पुढे फारसं ऐकतच नाही, त्यामुळे फाइल नुसती मोठी होते. ४०-५० किलोहर्ट्झपर्यंत ऐकणारा माइक एका दिवसासाठी भाड्याने आणणं परवडतं.

तो नसेल तर थर रचा. खाली ओढलेली म्हैस, मध्ये माणसाचा श्वास (माइक तोंडापासून दहा सेंटिमीटरवर, पण किंचित बाजूला, नाहीतर फुंकर थेट आदळते), आणि वर पिच न बदललेला एखादा ओला, चिकट आवाज. ओलं चामडं पिळा, कोहळा फोडून गर ओरबाडा. हाड मोडायचं असेल तर शेवग्याच्या चार-पाच शेंगा ओल्या फडक्यात गुंडाळून एकदम मोडा. रेकॉर्डिंगची शिखरं मीटरवर उणे १२ डीबीच्या आसपास ठेवा (शून्याच्या वर आवाज फाटतो). शेंग मोडताना होणारा कडाका मीटरवर दिसतो त्याहून मोठा असतो.

आणखी एक. राक्षसाचं सगळं वजन सबवूफरच्या एलएफई चॅनेलमध्ये (फक्त खर्जाच्या आवाजांसाठीचा वेगळा चॅनेल) टाकू नका. स्टीरिओ डाउनमिक्स करताना, म्हणजे सगळे चॅनेल दोनात उतरवताना, तो चॅनेल बहुतेकदा गळतो आणि टीव्हीवर राक्षसाचं मांजर होतं. फोनच्या स्पीकरसाठी थोडं सॅच्युरेशन द्या, म्हणजे आवाज किंचित फाटू द्या. ८० हर्ट्झच्या आवाजातून १६०, २४०, ३२०चे स्वरांश निघतात आणि न वाजणारा खर्ज कानाला भासतो.

प्रश्न : दोन्ही कामांचा एकच करार केला तर चालेल का? (डोंबिवली)

उत्तर : करू नका. २०१२च्या कॉपीराइट कायदा दुरुस्तीनुसार चित्रपटातल्या संगीताच्या रॉयल्टीतला संगीतकाराचा हक्क करारानेही सोडून देता येत नाही. वारस किंवा कॉपीराइट सोसायटीलाच तो देता येतो. चित्रपटगृहातलं प्रदर्शन यातून वगळलेलं आहे. हे संरक्षण संगीताला आहे, दाराच्या कुरकुरीला नाही. साउंड डिझाइनचे पैसे एकरकमी मिळतात, तेव्हा ते कामाच्या टप्प्यांनुसार मागा आणि किती फेरबदल फुकट करणार, तो आकडा करारात लिहा. आयपीआरएसचं, म्हणजे संगीतकार-गीतकारांच्या कॉपीराइट सोसायटीचं, सदस्यत्व घ्या. आणि प्रत्येक क्यूचं (चित्रपटातल्या संगीताच्या तुकड्याचं) नाव, लांबी आणि संगीतकार लिहिलेली क्यू शीट स्वतः भरून निर्मात्याकडे द्या. ती भरायचं दुसऱ्या कुणाच्या लक्षात राहत नाही.