भाताच्या खाचरात तरंगणाऱ्या पानांच्या सुरळ्यांत कोणती अळी असते? ती पाण्यात बुडून मरत कशी नाही?

ती भातावरची सुरळीतील अळी, म्हणजे एका चिमुकल्या पांढऱ्या पतंगाची अळी आहे आणि तिला कल्ले असल्यामुळे ती पाण्यात मरत नाही. सुरळी हलक्या हाताने उलगडून अळी बशीभर पाण्यात सोडा: हिरवट, जवळजवळ पारदर्शक अंगाच्या दोन्ही बाजूंना बारीक धागे हलताना दिसतील. तेच कल्ले. लावणीनंतर खाचरात मी हे दरवर्षी बघतो, आणि तरीही दरवेळी थांबून बघावंसं वाटतं. मादी पाण्यावर टेकलेल्या पानांच्या खालच्या बाजूला अंडी घालते. साधारण चार दिवसांनी अळ्या निघतात. अळी पानाचा शेंडा कापते, रेशमाने त्याची नळी शिवते आणि त्या ओल्या नळीसकट रोपावर चढून पानाचा हिरवा भाग खरवडते. मागे पांढरे पट्टे उरतात. पुढे बुंध्याला सुरळी चिकटवून आतच कोष होतो, आठवडाभरात पतंग बाहेर.

पाण्याशिवाय ती जगत नाही, म्हणून फवारणीआधी पिकावरून दोरी ओढून सुरळ्या पाडा आणि दोन-तीन दिवस पाणी काढून टाका. मात्र पाणी शेजारच्या खाचरात सोडलंत तर सुरळ्या तरंगत तिकडे जातील. बांधाच्या तोंडाशी जाळी लावून त्या आधी गोळा करा.