सोवळं, स्वच्छता आणि मंत्रचळ : वाचकांचे प्रश्न

आम्ही कॉलेज रोडवरचे चार मित्र लघुपट करतोय. नायिका दिवसभर घर घासते, नवऱ्याने चप्पल कुठे काढायची तेही तीच ठरवते. ती विनोदी वाटू नये म्हणून काय करावं?

फेस, बादल्या दाखवा. पण थांबा ते नळ बंद करण्याच्या क्षणावर. हात तोटीकडे जातो आणि मागे येतो, कारण ती तोटी मघाशी खराब हातानेच उघडली होती. मंत्रचळात, म्हणजे ओसीडी या मनाच्या आजारात, स्वच्छतेचा आनंद नसतो. शंका येते, जीव घाबरतो, धुतल्यावर जरा बरं वाटतं; आणि त्या घटकाभरच्या सुटकेपायीच धुणं वाढत जातं. आपण अति करतोय हे बहुतेकांना कळतं. ती लाज पडद्यावर आली तर कुणी हसणार नाही.

नायिकेला स्वतःचेच नियम बरोबर आणि बाकीचे सगळे गबाळे वाटत असतील, तर मात्र तो नियंत्रणाचा अट्टाहास, वेगळा विकार. दोन्ही एकाच माणसात असू शकतात, पण तुम्ही काय दाखवताय ते आधी ठरवा. आणि शेवटी नवऱ्याने हात धरला न् ती बरी झाली, असं कृपा करून करू नका. घरोघरी लोक त्याचीच वाट बघत बसतात.

पंचवटीत राहतो. बाहेरून आलं की सासूबाई आधी कपडे बदलायला लावतात. हा आजार का?

एवढ्यावरून नाही. सोवळ्याला शेवट असतो : अंघोळ झाली, सोवळं नेसलं, झालं. मंत्रचळ तिथे थांबत नाही. यात रोज तासाभराहून जास्त वेळ जातो का, जेवणझोप बिघडते का, ते पाहा.

बायको झोपण्याआधी वीसदा विचारते, "हात धुतलेत ना?" मी दरवेळी हो म्हणतो. चुकतं का? (सिडको)

तुम्ही मायेनेच म्हणता, पण त्या 'हो'वर आजार पोसला जातो. एकदम तोडू नका. दिवसा, शांतपणे दोघांनी ठरवा : उत्तर एकदाच. पुढे विचारलं तर, "तुला भीती वाटतेय, मी इथेच आहे."

उपचारही याच वाटेने जातात : नकोशा वस्तूला हात लावायचा आणि न धुता थांबायचं, सोप्यापासून सुरुवात करून. मानसशास्त्रज्ञ व्हिक्टर मेयर यांनी १९६६ मध्ये ही पद्धत मांडली. गोळ्यांचा गुण दिसायला ८ ते १२ आठवडे लागू शकतात. त्या आपल्या मनाने बंद करू नयेत. सरकारच्या 'टेली मानस' या मानसिक आरोग्याच्या हेल्पलाइनचा क्रमांक १४४१६, दिवसरात्र चालू. बायको तयार नसली तरी आधी तुम्ही फोन करा.