‘स्पिटिंग इमेज’च्या बाहुल्या कशा बनत?

ब्रिटनच्या ‘स्पिटिंग इमेज’ या राजकीय व्यंगाच्या टीव्ही कार्यक्रमातल्या रबरी बाहुल्या कशा बनवायचे आणि एवढा खटाटोप करून कार्यक्रम ताज्या बातमीवर कसा चालायचा, असं तुम्ही विचारलंय.

कार्यक्रम आयटीव्ही या वाहिनीवर १९८४ ते १९९६ चालला. बाहुल्या पीटर फ्लक आणि रॉजर लॉ यांच्या. दोघं त्याआधी मासिकांसाठी त्रिमितीय अर्कचित्रं करत, त्यामुळे खरी टीका डोकं मातीत घडवतानाच होऊन जायची. लिबरल पक्षाचा नेता डेव्हिड स्टील इतका इवलासा केला की तो मित्रपक्षाचा नेता डेव्हिड ओवेनच्या खिशात मावला. पंतप्रधान जॉन मेजर नखशिखांत करडा. संहितेत एक शब्द नसता तरी प्रेक्षकाला म्हणणं कळलं असतं!

मातीच्या डोक्यावरून प्लास्टरचा साचा निघतो. त्यात फोम लॅटेक्स, म्हणजे फेटून फेसाळ केलेला रबराचा चीक, भरतात. या पद्धतीचं नेहमीचं प्रमाण असं: १५० ग्रॅम चिकाला ३० ग्रॅम फेस आणणारं द्रव्य, १५ ग्रॅम गंधकयुक्त द्रव्य आणि अगदी शेवटी घट्ट करणारं द्रव्य, साधारण ७ ते १० ग्रॅम. मग ८५ अंश सेल्सियसच्या आसपास काही तास भट्टीत.

घोटाळा होतो तो या शेवटच्या द्रव्यात. जास्त पडलं किंवा खोली गरम असली, तर फेस ओततानाच आळतो आणि नाक-कान अर्धवट राहतात. कमी पडलं तर बुडबुडे फुटून फेस खाली बसतो. बरं, सगळं जमलं तरी लॅटेक्स उजेडाने आणि हवेने कडक होऊन तडकतं, म्हणून जुनी डोकी टिकवणं फार कठीण.

बाहुली चालवायला बहुधा दोघं लागत. एकाचा हात तोंडात, दुसरा तिचा उरलेला हात सांभाळणार. डोळे तारेने हलत. आवाज वेगळ्या नकलाकारांचे, आधी ध्वनिमुद्रित केलेले. पंतप्रधान थॅचरबाईंचा आवाज स्टीव्ह नॅलन काढायचा. बाहुलीवाले त्यावर ओठ जुळवत.

डोकं एका रात्रीत होत नाही, त्यामुळे ताजेपणा बाहुलीतून येणं शक्यच नव्हतं. चेहरे आधीच तयार असत. बराचसा भाग आधी चित्रित व्हायचा आणि आठवड्यातल्या बातमीवरचे थोडे प्रसंग अगदी शेवटी घालत. अचानक पुढे आलेल्या नेत्याची बाहुलीच नसली, तर त्याच्यावरचा विनोद दुसऱ्या कुणाच्या तरी तोंडी द्यावा लागणार.