मॉरिशसमध्ये समुद्रकिनाऱ्यांखेरीज पाहण्यासारखे काय आहे?

आपण विचारले आहे की घरातील ज्येष्ठांसह आठवडाभर मॉरिशसला जायचे आहे, पण सहल कंपन्यांच्या पत्रकांत किनारे आणि जलक्रीडा यांखेरीज काहीच दिसत नाही. तेव्हा त्या देशाला स्वतःचा वारसा आहे का, आणि असल्यास तो कुठे पाहावा? वारसा नक्कीच आहे, आणि तो इतका ठसठशीत आहे की तो न पाहता परतणाऱ्यांबद्दल मला मनापासून वाईट वाटते. मात्र तो किनाऱ्यावरच्या हॉटेलांत सापडत नाही. त्यासाठी उसाचा माग काढत बेटाच्या आतल्या भागात शिरावे लागते.

या बेटावर मूळचे रहिवासी कोणीच नव्हते. 1598 मध्ये डच आले, 1639 मध्ये त्यांनीच इथे ऊस आणला आणि 1710 मध्ये ते बेट सोडून गेले. 1715 मध्ये फ्रेंचांनी बेटाचा ताबा घेतला आणि पुढे मादागास्कर व पूर्व आफ्रिकेतून गुलाम आणून वसाहत उभारली, तर 1810 मध्ये बेट जिंकणाऱ्या इंग्रजांच्या काळात साखरेचे मळे बेटभर पसरले. 1835 मध्ये गुलामगिरी संपली. मळेवाल्यांना मजूर लागणारच होते, म्हणून भारतातून करारबद्ध मजूर आणण्यास त्याच्या थोडे आधीच सुरुवात झाली होती. आजही उसाच्या शेतांमधून जाताना काळ्या दगडांचे मोठमोठे ढीग दिसतात. जमीन लागवडीखाली आणताना मजुरांनी हातांनी वेचून रचलेले ते ज्वालामुखीचे दगड आहेत. वाहनचालकाला एखाद्या ढिगाजवळ गाडी थांबवायला अवश्य सांगावे, कारण ते जवळून पाहिले की त्या श्रमांचा अंदाज येतो.

सुरुवात राजधानी पोर्ट लुईमधील आप्रवासी घाटापासून करावी. 2 नोव्हेंबर 1834 रोजी ‘अ‍ॅटलास’ जहाजातून 36 मजूर पोर्ट लुईला आले आणि त्यानंतर विसाव्या शतकाच्या सुरुवातीपर्यंत जवळजवळ पाच लाख माणसे या बंदरात उतरली. आप्रवासी घाट म्हणजे त्यांच्यासाठी 1849 मध्ये उभारलेले आगमन केंद्र. त्याचा काही भागच आता शिल्लक आहे, तरी 2006 पासून तो जागतिक वारसा स्थळांच्या यादीत आहे. वास्तू भव्य नाही. धक्क्यावरून वर नेणाऱ्या दगडी पायऱ्या सोळाच आहेत, पण बोटीतून उतरलेला माणूस त्याच चढून आत यायचा, तिथे त्याची नोंद व्हायची आणि मग त्याला कुठल्या तरी मळ्यावर पाठवले जायचे. पुरुषाला महिन्याला पाच रुपये मजुरी ठरलेली असे, आणि एक दिवस कामावर आला नाही तर दोन दिवसांची मजुरी कापली जाई. शेजारच्या माहिती केंद्रात हे सारे नीट मांडले आहे. तिथे निदान दोन तास तरी द्यावेत.

मराठी माणसाला इथे आणखी एक धागा सापडतो. बहुसंख्य मजूर कलकत्त्याहून आलेले भोजपुरी भाषक असले तरी मुंबई बंदरातूनही जहाजे गेली आणि त्यांतून कोकण व आसपासच्या भागांतील माणसे इथे पोहोचली. त्यांचे वंशज आजही स्वतःला मराठी म्हणवतात, मुलांना शाळेत मराठी शिकवतात आणि गणेशोत्सव करतात. इथे गणपती बसवण्याची परंपरा 1896 पासूनची मानली जाते आणि गणेश चतुर्थीला देशभर सार्वजनिक सुट्टी असते. घराघरांत मात्र बहुतेक व्यवहार फ्रेंचमधून घडलेल्या क्रिओल बोलीत चालतो, त्यामुळे गणपतीपुढे मराठी आरती आणि लगेच शेजाऱ्याशी क्रिओलमध्ये गप्पा असे दृश्य तिथे अगदी नेहमीचे आहे. मोका येथील महात्मा गांधी संस्थेत मजुरांच्या नोंदींचे दस्तऐवज जपलेले आहेत, त्यांत अनेकांची छायाचित्रेही आहेत. आपला पूर्वज नेमका कुठल्या गावचा, याचा शोध तिथली कुटुंबे या नोंदींवरूनच घेतात.

आप्रवासी घाट पाहिला की नैर्ऋत्य टोकावरचा ल मोर्न डोंगर पाहिल्याशिवाय परतू नये, कारण एकट्या घाटावरून या बेटाची अर्धीच गोष्ट कळते. मळ्यांतून पळालेले गुलाम या सरळ उभ्या कड्यांच्या आश्रयाने राहत. गुलामगिरी संपल्याचे सांगायला शिपाई वर आले, तेव्हा ते पकडायला आले असे समजून अनेकांनी कड्यावरून उड्या घेतल्या, अशी कथा तिथले लोक पिढ्यान्‌पिढ्या सांगत आले आहेत. 2008 मध्ये हा डोंगरही जागतिक वारसा ठरला. माथ्याजवळची चढण अवघड आहे, ज्येष्ठांनी ती टाळावी. पायथ्याजवळचे गुलामगिरीचे स्मारक मात्र सर्वांना सहज पाहता येते.

याच गुलामांच्या वंशजांनी सेगा हा गाण्या-नाचाचा प्रकार जिवंत ठेवला. हॉटेलांत रंगीत घागऱ्यांचा जो कार्यक्रम होतो त्यावर समाधान मानू नये. गावातला पारंपरिक सेगा शोधावा. त्याचा मुख्य आधार म्हणजे राव्हान, बकरीच्या कातड्याचे रुंद, उथळ वाद्य. वाजवण्याआधी ते शेकोटीजवळ धरून तापवतात, मधूनच बोटांनी ठोकून पाहतात आणि आवाज खणखणीत लागला की मगच गाणे सुरू होते. सोबतीला बिया भरलेली माराव्हान नावाची चपटी पेटी असते, आणि तीही उसाच्या तुऱ्याच्या दांड्यांची केलेली असते. नाचणारे पाऊल जमिनीवरून जवळजवळ उचलतच नाहीत, सारी हालचाल कमरेची आणि हातांची. 2014 मध्ये युनेस्कोने सेगाला अमूर्त वारसा म्हणून मान्यता दिली, तर 2016 मध्ये भोजपुरी लग्नगीतांच्या ‘गीत गवई’ला.

पाम्प्लमूस येथील वनस्पती उद्यान आणि तिथली परातीएवढ्या पानांची कमळे सगळेच पाहतात. त्याच्या जवळच बंद पडलेल्या साखर कारखान्यात उभारलेले संग्रहालय आहे. तिथे जुनी यंत्रे जागच्या जागी ठेवली आहेत आणि उसाबरोबरच संपूर्ण देशाचा इतिहास सांगितला आहे. मला ते उद्यानापेक्षा मोलाचे वाटले. एके काळी या बेटावर दोनशेहून अधिक कारखाने होते, आज तीन उरले आहेत. पर्यटन वाढण्यामागे साखरेच्या या घसरणीचाही वाटा आहे, आणि अनेक जुन्या मळ्यांच्या जमिनींवर आता बंगल्यांच्या वसाहती आणि गोल्फची मैदाने झाली आहेत.

हिंदूंचे तीर्थस्थान असलेला गंगा तलाव सुंदर आहे, 33 मीटर उंचीची शंकराची मूर्ती लांबूनच दिसते; पण महाशिवरात्रीला लाखो भाविक पायी येतात तेव्हा त्या जागेचा खरा अर्थ कळतो. आग्नेय किनाऱ्यावरील माएबूर गावातून होडीने इल ओ एग्रेत या छोट्या बेटावर जाता येते. तिथे मूळचे जंगल पुन्हा वाढवले जात आहे आणि एकेकाळी नामशेष होऊ घातलेले गुलाबी कबुतर दिसते. 2020 मध्ये याच किनाऱ्याजवळ ‘वाकाशिओ’ जहाज प्रवाळावर अडकून तेल सांडले, तेव्हा गावकऱ्यांनी उसाची वाळलेली पाचट कापडात भरून तरंगते बांध शिवले. या माणसांचे आपल्या समुद्रावर किती प्रेम आहे, हे मला त्यावरून कळले.

खाण्याचे म्हणाल तर हॉटेलातली न्याहारी एखादे दिवशी सोडून पोर्ट लुईच्या बाजाराजवळ दालपुरी खावी. आपल्या पुरणपोळीसारखीच, पण डाळीचे पुरण बिनगोडाचे. वर पावट्यासारख्या मोठ्या दाण्यांची आमटी, टोमॅटोचा रुगाय आणि मिरचीची चटणी घालून दोन पुऱ्या कागदात गुंडाळून देतात. ज्येष्ठ शाकाहारी असतील तर त्यांची सोयही होते.

राहण्यासाठी मी सगळे दिवस एकाच किनाऱ्यावर न घालवता निम्मे दिवस कात्र बोर्न किंवा क्युरपीपसारख्या आतल्या गावात काढण्यास सुचवेन. बेट उत्तर-दक्षिण जेमतेम 65 किलोमीटर आहे आणि दोन्ही गावे पोर्ट लुईशी मेट्रोने जोडलेली आहेत. जानेवारी ते मार्च हा चक्रीवादळांचा काळ असतो. तारखा आपल्या हातात असतील तर गणेश चतुर्थीच्या आसपास जावे, नाहीतर 2 नोव्हेंबर हा मजुरांच्या आगमनाचा स्मृतिदिन साधावा. त्या दिवशी सुट्टी असते आणि आप्रवासी घाटावर शासकीय कार्यक्रम होतो, म्हणून घाट सावकाश पाहण्यासाठी वेगळा दिवस राखून ठेवावा.