ककनूस, हंसगीत आणि राखेतला गरुड

प्रश्न असा: राखेतून पुन्हा जन्मणाऱ्या 'फिनिक्स' पक्ष्याला मराठीत आपला शब्द आहे का? आणि संगीताच्या परीक्षांच्या पुस्तकांत भेटणारा 'मूसीकार' पक्षी म्हणजे फिनिक्सच का?

उत्तराआधी एक काटा काढायचा आहे. 'राखेतून गरुडझेप घेतली' असं लिहिणं कृपा करून थांबवा. दर निवडणुकीनंतर आणि दर क्रिकेट मालिकेनंतर हे वाक्य कानावर आदळतं. गरुडाचा राखेशी काडीचा संबंध नाही. आदिपर्वात तो विनतेच्या अंड्यातून बाहेर येतो, तेजाने इतका धगधगत की देवांना तो साक्षात अग्नीच वाटतो. पण तो जळत नाही आणि राखेतून पुन्हा जन्मतही नाही. आग्र्याहून सुटकेला आपण गरुडझेप म्हणतो तिथे शब्द चपखल बसतो, कारण तिथे कैद आहे आणि कैदेतून उड्डाण आहे. राखेला दुसरा पक्षी लागतो.

फिनिक्स म्हणजे काय हे सगळ्यांना ठाऊक आहे, त्यात वेळ घालवत नाही. फक्त एवढं लक्षात ठेवा की प्राचीन ग्रीक इतिहासकार हिरोडोटसच्या फिनिक्सला ना आग आहे ना गाणं. पाचशे वर्षांतून एकदा तो बापाचं शव गंधरसाच्या गोळ्यात भरून अरबस्तानातून इजिप्तमधल्या हेलिओपोलिसच्या सूर्यमंदिरात नेतो, बस. आपण तो फक्त चित्रात पाहिला, हेही हिरोडोटस सांगून टाकतो. आग त्याला पुढे रोमन काळात चिकटली.

गाण्याने भोवतालचं जग हलवणारा पक्षी आहे तो ककनूस, फारसीतला क़ुक़्नुस. बाराव्या शतकात इराणातल्या निशापूरच्या अत्तार या सूफी कवीने 'मंतिकुत्तैर' या फारसी काव्यामध्ये त्याला हिंदुस्थानात राहायला ठेवलं आहे. लांब, कठीण चोच, तिला सुमारे शंभर छिद्रं आणि प्रत्येक छिद्राचा सूर निराळा. जोडीदार नाही, आयुष्य हजार वर्षांचं. मरण जवळ आलं की तो सरपण गोळा करतो, मधोमध बसतो आणि गाऊ लागतो. पशुपक्षी भोवती जमतात आणि त्या गाण्याच्या दुःखाने त्यातले काही तिथेच प्राण सोडतात. शेवटचा श्वास उरला की तो पंख झापटतो, त्यातून आग उठते, आणि राख होता होता नवा ककनूस दिसू लागतो. एका तत्त्वज्ञाने संगीत याच्याकडूनच उचललं, असंही अत्तार सांगतो.

आता शब्दाची खरी गंमत. 'किक्नोस' म्हणजे ग्रीकमध्ये हंस. ग्रीक क अरबीत शिरताना घशातला क़ होतो: सॉक्रेटिसचा सुक़्रात, हिप्पोक्रेटिसचा बुक़्रात, मूसिकेची मूसीक़ी. तसाच किक्नोसचा क़ुक़्नुस. हंस मरणाच्या सुमारास गातात असं ॲरिस्टॉटलने प्राण्यांवरच्या ग्रंथात लिहिलं आणि ते ग्रंथ अरबीत गेले. कलावंताच्या अखेरच्या कृतीला आपण 'हंसगीत' म्हणतो तेही याच समजुतीचं युरोपमार्गे आलेलं भाषांतर आहे. आपल्या नीरक्षीरविवेकी हंसाला मरताना गाण्याची सवय कधीच नव्हती. म्हणजे हंसगीत आणि ककनूस एकाच अंड्यातले, एक युरोपच्या वाटेने आला, दुसरा निशापूरच्या.

अरबी लिपीत फ वर एक नुक्ता (टिंब) आणि क़ वर दोन, तेव्हा नुक्ता चुकून 'फिनिक्स'चाच ककनूस झाला, असाही तर्क लढवता येतो. मला तो अजिबात मान्य नाही. नुक्ता चुकला तर अक्षर बदलेल, मरतानाचं गाणं कुठून येईल? ते हंसाकडूनच आलं.

सूफी कवी जायसीच्या 'पद्मावत' या अवधी काव्यात (१५४०) हा पक्षी 'ककनूँ' म्हणून येतो: 'ककनूँ पंखि जैस सर साजा'. सर म्हणजे चिता. पद्मावती येऊन गेली तेव्हा आपण बेशुद्ध होतो हे कळल्यावर तिच्या प्रेमात पडलेला राजा रत्नसेन स्वतःची चिता रचतो, ककनुसासारखी. हिंदी कोश मात्र 'याच्या गाण्याने घरट्याला आग लागते' असा अर्थ देतात. ही सरळ ढिलाई आहे. अत्तारकडे गाण्याने प्राण जातात, आग पंखांनी लागते. गाण्याने दिवे पेटवणाऱ्या दीपक रागाची दंतकथा या नोंदीत मिसळली असावी, असं माझं ठाम मत आहे.

राहिला मूसीकार. गोवळकोंड्याच्या कुतुबशाहीत सतराव्या शतकात रचलेला 'बुर्हान-ए-काते' हा फारसी कोश याचे दोन अर्थ देतो: लहानमोठ्या नळ्या ओळीने बांधलेलं वाद्य, आणि चोचीला पुष्कळ छिद्रं असलेला पक्षी. आपली पुस्तकं सांगतात की त्याच्या नाकाला बासरीसारखी सात छिद्रं आहेत आणि त्यांतून सात स्वर निघाले. बासरी वाजवणाऱ्या कुणालाही विचारा. साधारण बासरीला फुंकेचं छिद्र सोडून सहा छिद्रं असतात. सहाही दाबली की मंद्र पंचम, म्हणजे खालच्या सप्तकातला प. मग खालून एकेक उघडत गेलं की ध, नि, सा, रे, ग आणि सगळी मोकळी केली की तीव्र मध्यम. शुद्ध मध्यमाला वरचं छिद्र अर्धं दाबावं लागतं. म्हणजे सहा छिद्रांतच सात स्वर होतात, आणि तेही बोटांमुळे. बोटं नसतील तर सात छिद्रांतून फुंकूनही एका वेळी एकच सूर येणार. एक भोक, एक स्वर हा हिशेब जुळतो तो नळ्यांच्या वाद्यात: प्रत्येक नळीची लांबी वेगळी, तळ बंद, आखूड नळीचा सूर उंच. म्हणून मी म्हणतो, वाद्य आधीचं; पक्षी त्याच्या वर्णनातून उडाला.

तेव्हा मूसीकार आणि ककनूस यांची चोच एक, पण मूसीकाराला आग नाही. नुसता पुनर्जन्म सांगायचा असेल तर 'फिनिक्स' राहू द्या, तो मराठीत रुळला आहे. शेवटच्या गाण्यासकट सांगायचं असेल तर 'ककनूस' लिहा, पुल्लिंगी. सामान्यरूप 'जासूद–जासुदाने'सारखं, नु ऱ्हस्व: ककनुसाने, ककनुसाची राख. 'माणूस–माणसाने'च्या चालीवर 'ककनसाने' करू नका.