आधी उपचाराचे पैसे, मग कॅमेरा

इंदूरच्या रामबागेतून एका ताईंचं पत्र आलं आहे. धाकट्या भावाची दारू सुटून दोन वर्षं झाली, तो अल्कोहोलिक्स अ‍ॅनॉनिमसच्या (एए, म्हणजे दारू सोडू पाहणाऱ्यांचा एकमेकांना आधार देणारा गट) मीटिंगला नेमाने जातो. ती सगळी वर्षं घराने कशी काढली, यावर त्यांना तासाभराची डॉक्युमेंटरी करायची आहे. पगार 52,000. चौदा लाखांची एफडी मोडून, आईच्या नावावरच्या घरावर आणखी 10 लाख कर्ज काढू का, असं विचारतात.

ताई, फिल्म करा. अशा घरांची गोष्ट घरातल्याच माणसाने सांगायला हवी. पण घर गहाण टाकू नका. दहा टक्के व्याजाने 10 लाखांचा 10 वर्षांचा हप्ता साधारण 13,200 रुपये बसतो, म्हणजे पगाराचा चौथा हिस्सा. फेडून होईस्तोवर 15 लाख 86 हजारांच्या आसपास जातील. डॉक्युमेंटरीतून एवढे पैसे परत येणं फार दुर्मिळ. शिवाय त्या छताखाली आई आहे आणि नुकता सावरलेला भाऊ आहे. हप्ता थकला तर धक्का आधी त्याला बसेल.

मला जास्त काळजी एफडीची वाटते. तुमच्या बेतात भावाच्या उपचारासाठी एक रुपयाही बाजूला नाही. व्यसन हा आजार आहे, तो उलटू शकतो, त्यात कुणाची नालायकी नसते. आणि बहुतेक आरोग्य विमा पॉलिसींच्या अपवादांत व्यसनाचा उपचार आणि व्यसनामुळे होणारे परिणाम स्पष्ट लिहिलेले असतात. म्हणजे पुन्हा भरती करायची वेळ आली, तर खर्च तुमच्याच खिशातून. म्हणून 4 लाख वेगळ्या एफडीत, आईसोबत जॉइंट. दोन लाख घरखर्चाची गंगाजळी. उरले आठ.

त्या आठांतलेही आत्ता अडीचच काढा. त्यातून दहा मिनिटांचा नमुना होईल. कोलकात्याचं डॉकएज (डॉक्युमेंटरीवाल्यांची पैसे लावणाऱ्यांशी गाठ घालून देणारा मंच) किंवा ॲमस्टरडॅमचा इडफा बर्था फंड (डॉक्युमेंटरींना अनुदान देणारा निधी) अशा ठिकाणी अर्ज करताना चित्रित केलेलं साहित्य हाताशी असलं की बाजू भक्कम होते.

अडीचच का, त्याचं खरं कारण भाऊ आहे. शूटिंगआधी त्याची लेखी संमती घ्या आणि रफ कट, म्हणजे फिल्मची पहिली कच्ची जोडणी, दाखवून पुन्हा विचारा. तेव्हा तो नाही म्हणाला, तर ते मोकळ्या मनाने ऐकता आलं पाहिजे. चोवीस लाख गुंतलेले असतील तर तुम्ही नकळत त्याला गळ घालाल, आणि दबाव त्याच्या तब्येतीला परवडणारा नाही. एए च्या अकराव्या परंपरेप्रमाणे (परंपरा म्हणजे त्या गटाची मार्गदर्शक तत्त्वं) वृत्तपत्र, रेडिओ आणि चित्रपटांत सभासदांची ओळख उघड होत नाही, त्यामुळे मीटिंगचं चित्रण बेतातूनच वगळा. व्यसनमुक्ती केंद्रातही सांभाळून: 2017 च्या मानसिक आरोग्य कायद्याचं कलम 24 उपचार घेणाऱ्याच्या संमतीशिवाय त्याचा फोटो किंवा माहिती माध्यमांना देऊ देत नाही. असं फुटेज एडिटिंगला फेकावं लागलं, तर कॅमेऱ्याचं भाडंही पाण्यात.

एफडी मुदतीआधी मोडली तर बँका साधारण अर्धा ते एक टक्का व्याज कापतात. मुदत जवळ असेल तर थांबा, नाहीतर तिच्यावर ओव्हरड्राफ्टचा, म्हणजे एफडी न मोडता तिच्या तारणावर मिळणाऱ्या उचलीचा, दर विचारा. आणि विम्याच्या पॉलिसीतली अपवादांची पानं मला पाठवा, ती पाहिल्याशिवाय 4 लाखांचा आकडा पक्का करणार नाही.